वदतोव्याघाताची वीज

गेल्या मंगळवारी संध्याकाळी लाइट गेले आणि मी एक नवं शास्त्र काढलं.

फार कष्ट पडले नाहीत. अंधारात बसल्या बसल्या दुसरं करणार काय? आधी रीतसर तक्रार नोंदवायला गेलो. वीज गेल्याची तक्रार ॲपवर करायची. ॲप फोनमध्ये. फोनमध्ये तीन टक्के. आणि चार्जर खोचलेला भिंतीतल्या त्याच मेलेल्या प्लगमध्ये. म्हणजे वीज नाही, एवढं कळवायलाही वीज पाहिजे.

त्या क्षणी डोक्यात प्रकाश पडला. घरात तेवढाच.

कोळसा एक दिवस संपणार. पाऊस लहरी. सूर्य संध्याकाळनंतर कामावर नसतो. कोयनेची क्षमता १,९६० मेगावॉट खरी, पण कोयनेलाही आधी आभाळाकडेच बघावं लागतं. मग ज्याचा साठा आपल्याकडे कधीच संपत नाही, उलट दर आर्थिक वर्षात वाढतो, असं इंधन कोणतं? विसंगती! तिच्यासाठी खाणसुद्धा खणावी लागत नाही. कुठल्याही खिडकीसमोर रांगेत उभे राहा, पायाशी पडलेली असते.

शास्त्राचं नाव ठेवलं व्याघातविद्युत. नाव जड आहे, कबूल. पण नाव जड असलं की पहिली पाच वर्षं कुणी ‘यंत्र दाखवा’ म्हणत नाही.

मूळ शब्द घरचाच आहे. वदतोव्याघात. बोलता बोलता स्वतःच्याच बोलण्याला सुरुंग. जुने शास्त्रीबुवा उदाहरण द्यायचे: ‘माझ्या तोंडात जीभ नाही,’ असं जिभेनेच सांगणारा माणूस. ताजं उदाहरण हवं तर भिंतीवर चिकटवलेला कागद वाचा: ‘येथे कागद चिकटवू नयेत.’ झाडाला चार खिळे ठोकून लावलेला फलक वाचा: ‘झाडे वाचवा.’ भोंग्यावरून बेंबीच्या देठापासून आलेली विनंती ऐका: ‘कृपया शांतता राखा.’

यातल्या एकेकावर निदान टेबलफॅन तरी चालावा की नाही?

तत्त्व शाळेतल्या ओहमच्या नियमाइतकं सोपं. वीज वाहायची तर विभवांतर लागतं, एक टोक वर आणि एक टोक खाली. आमच्या शास्त्रात वरचं टोक म्हणजे कागद, खालचं टोक म्हणजे वस्तुस्थिती. दोघांत अंतर जितकं जास्त, तितका दाब जास्त. मध्ये रोध म्हणून एक साहेब.

साहेब जेवायला गेले असतील तर रोध अनंत.

या हिशेबाने देशातली सर्वांत दणकट बॅटरी आझमगडची. लालबिहारी नावाचा तरुण १९७०च्या दशकात कर्जासाठी कागदपत्रं काढायला गेला, तेव्हा कळलं की सरकारदप्तरी तो मेलेला आहे. जमिनीसाठी नातेवाइकांनी केलेला उद्योग. स्वतः समोर उभा, बोलतोय, घामाघूम झालाय, आणि दप्तर म्हणतंय, मयत. त्याने नावापुढे ‘मृतक’ लावलं, असल्या जिवंत मयतांचा संघ काढला, निवडणुका लढवल्या. मेलेला माणूस उमेदवारी अर्ज भरतोय, आणि अर्ज घेतलाही जातोय! १९९४ मध्ये एकदाचा तो कागदावर जिवंत झाला. २००३ मध्ये त्याला शांततेचं इग्नोबेल पारितोषिक मिळालं.

एवढं प्रचंड विभवांतर, एवढी वर्षं. एक बल्ब तरी लागला का? जळाली ती त्याचीच वर्षं.

आणि हा दाब फक्त उत्तर प्रदेशात नाही. दर नोव्हेंबरात आपला पेन्शनर स्वतःच्या पायांनी जिना चढून आपण हयात असल्याचा पुरावा द्यायला जातो. धापा टाकत खिडकीशी उभा राहतो. आतला माणूस मान वर न करता विचारतो, ‘कागद?’

असो. शास्त्राकडे वळू.

क्षेत्रात स्पर्धक आहेत हे आधीच सांगून टाकतो. लोणी लावलेला पाव हातातून निसटला की लोण्याच्या बाजूनेच पडतो, आणि मांजर कुठूनही पडलं तरी पायांवरच. तेव्हा मांजराच्या पाठीला लोण्याचा पाव बांधून सोडा. दोन्ही नियम भांडतील आणि मांजर जमिनीच्या वीतभर वर गरागरा फिरत राहील. त्याला डायनामो जोडा. कल्पना बरी आहे. पण इंग्लंडच्या रॉबर्ट मॅथ्यूज यांनी १९९५ मध्ये पावाचा हिशेब मांडून सगळा विचका केला. टेबलाची उंचीच अशी की घसरलेल्या पावाला जमीन गाठेपर्यंत जेमतेम अर्धी गिरकी मिळते. दैव नाही, सुतारकाम. मांजराचं गुपित तर पॅरिसच्या मारे यांनी १८९४ मध्येच कॅमेऱ्यात पकडलं होतं: अर्धं अंग एकीकडे वळवायचं, अर्धं दुसरीकडे.

शिवाय मांजराला दूध लागतं. ते कोण मोजणार?

आता चाणाक्ष वाचक विचारेल, विसंगतीवर चालणारं एखादं यंत्र खरंच असतं का हो? असतं. तुमच्या शाळेत होतं. शिपाई रोज वाजवायचा.

विद्युत घंटेची आकृती आठवा. बटण दाबलं की प्रवाह सुरू. प्रवाह सुरू झाला की लोखंडाचा चुंबक होतो. चुंबक पट्टी ओढतो, टोला पडतो. पण पट्टी ओढली गेल्यामुळे स्क्रूपाशी जोड सुटते, प्रवाह तुटतो, चुंबक मरतो, पट्टी मागे येते, जोड पुन्हा लागते, प्रवाह पुन्हा सुरू. ‘मी चालू असेन तर बंद होईन, आणि बंद असेन तर चालू होईन.’ हे वाक्य कागदावर लिहिलं की तत्त्वज्ञ दोन हजार वर्षं डोकं धरून बसतात. तांब्याच्या तारेत लिहिलं की शाळा सुटते.

ग्रीकांचं ‘हे वाक्य खोटं आहे’ ते हेच. खरं धरलं तर खोटं ठरतं, खोटं धरलं तर खरं ठरतं. श्रेय मिलेटसच्या युबुलिडीसला देतात, इसवीसनपूर्व चौथ्या शतकातल्या. त्याआधी क्रीटच्या एपिमेनिडीसने ‘क्रीटचे सगळे लोक खोटारडे’ म्हटल्याचं सांगतात, पण तो कच्चा माल आहे. क्रीटमध्ये एखादा जरी खरं बोलणारा निघाला, तर एपिमेनिडीस साधा खोटारडा ठरतो आणि विसंगती संपते.

एखादा सापडला पाहिजे, एवढीच अट.

१९४७ मध्ये हार्वर्डच्या विल्यम बर्कहार्ट आणि थिओडोर कालिन या दोन विद्यार्थ्यांनी तर्काची गणितं सोडवणारं विजेवरचं यंत्र केलं. कारण उदात्त: हाताने गृहपाठ करायचा कंटाळा. या यंत्रात स्वतःलाच खोटं पाडणारं विधान घातलं की ते खरं-खोटं, खरं-खोटं करत कडकडाट करत बसायचं. आजच्या टीव्हीवरच्या रात्री नऊच्या चर्चांसारखंच. फरक एवढाच की त्या यंत्राचा प्लग काढता येत असे.

प्लग!

इथे माझ्या पोटात गोळा आला. घंटेची ती आकृती मी पुन्हा नीट पाहिली. खाली कोपऱ्यात दोन उभ्या रेघा असतात, एक लांब आणि एक आखूड. परीक्षेत त्या विसरल्या की अर्धा मार्क जायचा.

बॅटरी.

घंटा विसंगतीवर चालत नाही हो. घंटा विजेवर चालते. विसंगती त्या विजेला नुसते हेलपाटे मारायला लावते. आज या, उद्या या, जोड लागली, जोड सुटली. तुमच्या आमच्या अर्जासारखंच. फायलीच्या फेऱ्या मोजल्या तर वाटेल केवढं काम चाललंय! आवाजही होतो. पण प्रत्येक फेरीचा खर्च कोपऱ्यातल्या त्या दोन रेघांच्या खात्यातून वजा.

म्हणजे माझ्या शास्त्राचं गणित बरोबर होतं. फक्त चिन्ह चुकलं होतं.

मागे वळून पाहिलं तर सगळा इतिहास हेच ओरडून सांगतोय. कॉस बेटावरचा कवी फिलेटास याच खोटारड्याच्या कोड्यावर विचार करकरून खंगला आणि मेला, अशी दंतकथा आहे. आधीच इतका काटकुळा की वाऱ्याने उडू नये म्हणून जोड्यांत शिसं घालायचा म्हणे. विसंगतीने त्याला ऊर्जा दिली की त्याची होती नव्हती तेवढी पिऊन टाकली?

गॉटलोब फ्रेगेचं बघा. आयुष्य घालवून गणिताचा तर्कशुद्ध पाया रचला. दुसरा खंड छापखान्यात. आणि १६ जून १९०२ची तारीख घातलेलं बर्ट्रांड रसेलचं पत्र आलं. स्वतःत न बसणाऱ्या सगळ्या संचांचा एक संच केला, तर तो स्वतःत बसतो का? बसला तर बसत नाही, नाही बसला तर बसतो. फ्रेगेला पुस्तकामागे पुरवणी जोडून कबुली द्यावी लागली की पाया हलला. रसेलचा एका टपाल तिकिटाचा खर्च, फ्रेगेचं आयुष्यभराचं भांडवल.

त्या मानाने आपला भर्तृहरी हुशार. ‘मी बोलतो ते सगळं खोटं’ हे वाक्य पाचव्या शतकात त्याच्याही समोर आलं होतं. त्याने शांतपणे सांगितलं की असं म्हणणारा ते वाक्य स्वतः त्या यादीत धरत नसतो. झालं, फ्यूज काढला. ‘सगळे पुढारी चोर आहेत’ असं पुढारी व्यासपीठावरून गरजतो तेव्हा आपल्याला चक्कर का येत नाही? भर्तृहरीमुळे.

आता कुणी तर्कशास्त्री म्हणेल, विसंगतीत स्फोटक शक्ती असते, पुस्तकातच लिहिलंय. लिहिलंय खरं. एक विसंगती मान्य केली की तिच्यातून वाट्टेल ते सिद्ध करता येतं, याला तर्कशास्त्रात स्फोटाचं तत्त्वच म्हणतात. रसेलच्या नावावर एक किस्सा फिरतो. एक बरोबर दोन मान्य केलं तर तुम्ही पोप आहात हे सिद्ध करा, असं त्याला कुणी म्हणालं. तो म्हणाला, मी आणि पोप मिळून दोन. दोन म्हणजे एक. म्हणून मी आणि पोप एकच.

एवढा मोठा स्फोट, आणि टेबलावरचा चहासुद्धा कोमट झाला नाही.

खऱ्या पदार्थविज्ञानात या स्वप्नाच्या सर्वांत जवळ पोहोचला तो मॅक्सवेलचा राक्षस. १८६७चा. डब्यात वायू, मध्ये भिंत, भिंतीला इवलंसं दार, दाराशी इवलासा राक्षस. वेगवान रेणू आला की उजवीकडे सोडायचा, मंद आला की डावीकडे. काही खर्च न करता एक बाजू तापते, दुसरी गार पडते. त्यावर इंजिन चालवा. फुकट! जवळजवळ शंभर वर्षं मोठमोठी डोकी या बुटक्याला पकडत होती. शेवटी त्याची वही सापडली. कोणता रेणू कसा आला हे त्याला कुठेतरी टिपून ठेवावं लागतं. वही कधीतरी भरते. ती पुसावी लागते. आणि पुसायला ऊर्जा लागते, हे आयबीएमच्या रॉल्फ लँडॉवरने १९६१ मध्ये दाखवून दिलं.

थोडक्यात, राक्षससुद्धा कारकून निघाला. आणि कारकून आला की स्टेशनरीचा खर्च आला.

किती खर्च? खोलीच्या तपमानाला एक नोंद पुसायला कमीत कमी सुमारे ३ जूल भागिले १ वर २१ शून्यं. एका नोंदीतून जास्तीत जास्त ऊर्जा काढता येते तीही तेवढीच. आमच्या संडासातला ९ वॉटचा एलईडी या मार्गाने लावायचा, तर राक्षसाला दर सेकंदाला ३ वर २१ शून्यं इतक्या नोंदी कराव्या लागतील. २०१० मध्ये जपानी संशोधकांनी एक सूक्ष्म मणी अशाच माहितीच्या जोरावर ‘पायऱ्या’ चढवून दाखवलाही. कौतुकाची गोष्ट आहे.

त्या मण्यावर पाळत ठेवणारी यंत्रणा मात्र साध्या विजेवर.

मग फुकटची वीज विकणारे आजवर जगले कसे? याचं उत्तर शास्त्रात नाही, इमारतीच्या नकाशात आहे. फिलाडेल्फियाच्या जॉन कीलीने १८७०च्या दशकात पाण्यातून ‘ईथर’ची शक्ती काढतो म्हणून कंपनी थाटली. यंत्राचं नाव हायड्रो-न्युमॅटिक-पल्सेटिंग-व्हॅक्युओ-इंजिन. (जड नावाबद्दल मी वर काय म्हणालो?) भागधारकांनी पैसे ओतले, एका श्रीमंत विधवेने तर ओतले आणि ओततच राहिली. १८९८ मध्ये कीली वारला. तळघर उघडलं तर तीन टनांचा लोखंडी गोळा. दाबलेल्या हवेची टाकी, असा तपासणाऱ्यांचा संशय.

पण माझा आवडता माणूस वेगळाच. चार्ल्स रेडहेफर. १८१२ मध्ये फिलाडेल्फियात आणि १८१३ मध्ये न्यूयॉर्कमध्ये त्याने आपोआप फिरणारं यंत्र मांडलं, तिकीट लावून. आगबोटवाला रॉबर्ट फुल्टन ते बघायला गेला. बघण्याऐवजी त्याने कान लावला. चाक एकसारखं फिरत नव्हतं, थोडं जोरात, थोडं हळू, हाताने दांडा फिरवल्यासारखं. फुल्टनने पुढे होऊन दोन फळ्या उचकटल्या. भिंतीतून आतड्याची दोरी वर गेलेली. दोरीच्या मागोमाग लोक माळ्यावर चढले.

माळ्यावर एक दाढीवाला म्हातारा बसला होता. एका हाताने दांडा फिरवत होता. दुसऱ्या हातातला पावाचा तुकडा चावत होता.

खाली लोक बिनखर्चाच्या शक्तीला टाळ्या वाजवतायत, वर म्हातारा कोरडा पाव खातोय. या एका चित्राबद्दल मी रेडहेफरला सगळं माफ करायला तयार आहे. लोकांनी नाही केलं. यंत्राचा चुराडा झाला.

परदेशी भोळेपणाला हसायचं असेल तर जरा दमानं. ११५० मध्ये आपल्या भास्कराचार्यांनीही सिद्धान्तशिरोमणीत एक चाक वर्णिलंय: आऱ्या पोकळ, त्यांत निम्म्यापर्यंत पारा, एकदा गती दिली की आपलं आपण फिरत राहील. चाळीसगावजवळच्या पाटणला त्यांच्या नातवाने त्यांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला, त्याचा शिलालेख आहे. लीलावतीतली गणितं आजही सुटतात. चाक अजून सुटलेलं नाही.

पॅरिसच्या विज्ञान अकादमीने १७७५ मध्येच कंटाळून जाहीर केलं की अखंड चालणारी यंत्रं यापुढे तपासणार नाही. वर्तुळाचा चौरस करणाऱ्यांनीही येऊ नये. आपल्याकडचा १९७० चा पेटंट कायदाही कडक आहे. कलम ३, आणि त्यातलं पहिलंच पोटकलम: क्षुल्लक गोष्ट, किंवा प्रस्थापित निसर्गनियमांच्या उघड विरुद्ध दावा, हा शोधच नव्हे. पेटंटचं मुंबईतलं कार्यालय अँटॉप हिलला. माझे टॅक्सीचे पैसे वाचले.

एक पळवाट मात्र आहे. कायदा निसर्गाच्या नियमांबद्दल बोलतो. हिशेबाच्या नियमांविरुद्ध चालणाऱ्या यंत्रांना बंदी कुठे आहे?

दाभोळ आठवतंय? एन्रॉन या अमेरिकी कंपनीचा दाभोळ वीजप्रकल्प मुळात दाभोळात नव्हताच. दाभोळ गाव वाशिष्ठीच्या या काठाला, दापोली तालुक्यात. प्रकल्प त्या काठाला, गुहागर तालुक्यात, अंजनवेलकडे. श्रीगणेशाच असा. १९९५ च्या निवडणुकीत तो अरबी समुद्रात बुडवायची भाषा झाली. ऑगस्टमध्ये करार रद्दही झाला. आणि काही महिन्यांनी प्रकल्प समुद्रातून वर आला तो आधीपेक्षा मोठा होऊन. समुद्राची हवा काहींना मानवते.

मे १९९९ मध्ये ७४० मेगावॉटचा पहिला टप्पा सुरू झाला. नाफ्था महाग, डॉलर महाग, आणि करार असा की वीज उचला न उचला, क्षमतेचे पैसे द्यायचेच. दोन वर्षांत वीज मंडळाने हात टेकले. वीज हवी होती. वीज तयार होती. म्हणून वीजघर बंद पडलं! इकडे राज्यात तुटवडा, तिकडे कोकणात करोडोंची यंत्रं समुद्राकडे बघत उभी, आणि डिसेंबर २००१ मध्ये खुद्द एन्रॉनच अमेरिकेत दिवाळखोरीच्या कोर्टात.

व्याघातविद्युतचं याहून शुद्ध केंद्र जगात दाखवा. त्यातून वीज आली नाही म्हणता? बिल आलं ना?

तेव्हापासून ‘मोफत’ शब्द ऐकला की मी आधी माळ्याकडे बघतो. २०२४ पासून साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या शेतीपंपांना मोफत वीज आहे. चांगलंच आहे, शेतकऱ्याला मिळावीच. पण दांडा कोण फिरवतोय? सरकार म्हणतं, अनुदान. अनुदान म्हणजे तिजोरी. तिजोरी म्हणजे चहापत्तीपासून चपलेपर्यंत कर भरणारा, त्यात तो शेतकरीही आला. आणि कित्येक ठिकाणी हा मोफत पुरवठा पाळीने रात्री येतो. मग मोटर चालू करायला शेतकरी दोन वाजता बॅटरी घेऊन बांधावरून जातो.

हातातली बॅटरी तेवढी विकतची.

झेनोलाही आपण कामाला लावलंय. एलियाचा झेनो म्हणाला होता की अकिलीस कासवाला गाठूच शकत नाही; तो पोहोचेपर्यंत कासव थोडं पुढे सरकलेलं असतं. पाश्चात्त्य गणितज्ञांनी अनंत श्रेणीची बेरीज करून हा घोळ निस्तरला म्हणे. त्यांना मुंबई-गोवा महामार्गावर आणा. चौपदरीकरण २०११ पासून चालू आहे. गणपती येतात, मुदत येते, मुदत थोडी पुढे सरकते. झेनोच्या गोष्टीत निदान कासव तरी चालत होतं.

आणि दावोसचे गुंतवणूक करार! मुंबईचं सरकार, कित्येकदा मुंबईतलीच कंपनी, आणि दोघं हस्तांदोलन करायला स्वित्झर्लंडच्या बर्फात. मंत्रालयापासून चालत जाता येईल अशा अंतरावरच्या माणसाला भेटायला विमान. याला आमच्या शास्त्रात उच्चदाब वाहिनी म्हणतात. लांबून आणली की गळती फार.

हे सगळं मी समोरच्या ब्लॉकमधल्या अण्णांना समजावून सांगितलं. अण्णा बँकेतून निवृत्त, आकड्याला पक्के. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. घंटा, बॅटरी, राक्षसाची वही, म्हातारा, सगळं. मी अगदी स्पष्ट म्हटलं, ‘अण्णा, विसंगतीतून वीज निघत नाही. विसंगती वीज खाते.’

अण्णा म्हणाले, ‘ते कळलं हो. त्या माळ्यावरच्या म्हाताऱ्याला महिना किती द्यावे लागतील?’

मी म्हटलं, ‘अहो, मुद्दा तो नाही.’

‘मुद्दा तोच आहे. पावावर भागतंय म्हणता ना? मग परतावा कसा बसतो बघा.’ आणि वहीच्या पाठीमागचा कागद टरकन फाडून ते आकडेमोड करायला लागले. मला दोनदा विचारलं, म्हातारा कंत्राटी ठेवला तर पीएफ लागतो का?

परवापर्यंत सोसायटीतल्या आणखी चौघांनी चौकशी केली. यंत्र कसं चालतं, हे एकानेही विचारलं नाही. एकाने एवढंच विचारलं की मुलीच्या नावावर घेता येईल का.

हे लिहितोय तोच दारावरची बेल वाजली. आमची बेल जुनी, टिंगटाँग नाही, शाळेसारखी कर्रर्र करणारी. चालू असेन तर बंद, बंद असेन तर चालू, तीच. आज तिने अर्धंच ‘कर्र’ केलं आणि मध्येच गप्प झाली.

लाइट गेले.

बाहेर अण्णा आता मुठीने दार ठोकतायत. चेक आणलाय म्हणे.